नवजाताचें कांपरें व एक उसनें नांव

मूल पूर्ण दिवसांचें असतें, वजनाला चांगलें असतें, जन्मतांच तें नेहमींप्रमाणें रडतेंहि. प्रसूतिगृहांतील मंडळी समाधानानें हात धुतात. मग कांहीं तासांनीं, क्वचित् दुसऱ्या-तिसऱ्या दिवशीं, त्याची तऱ्हा पालटते. हातपाय थरथरूं लागतात. जरासा आवाज झाला कीं तें दचकतें. रडणें बारीक, तीव्र व न थांबणारें होतें. श्वास भरभर चालतो. अंगावर घेतलें तर नीट ओढून पीत नाहीं, आणि प्यालेंच तर झोंप लागत नाहीं. रक्तांतील साखर तपासावी तर ती पुरेशी निघते; जंतूंचा दोष शोधावा तर तो सांपडत नाहीं. बहुतेक मुलांच्या बाबतींत दोनचार दिवसांत, फार तर दोन आठवड्यांत, हें सारें ओसरतें. आईला विचारलें असतां एवढेंच कळतें कीं, गरोदरपणीं ती नैराश्यावरील एक लहानशी गोळी डॉक्टरांच्या सल्ल्यानें रोज घेत होती.

या विकाराला काय म्हणावें हा प्रश्न वरवर पाहतां पंडितांच्या वादाचा दिसतो. परंतु गेल्या पन्नास वर्षांत या एका मुलाला वैद्यकानें चार निरनिराळीं नांवें दिलीं, आणि नांवाबरोबर आईला द्यावयाचा सल्ला बदलला व आईकडे पाहण्याची नजरहि बदलली. त्यांपैकीं सर्वांत अधिक प्रचारांत असलेलें नांव तर या विकारासाठीं केलेलेंच नाहीं. तें शेजारच्या घरून उसनें आणलेलें आहे, आणि तें शेजारचें घर अफूचें आहे.

अफूच्या अर्कापासून मॉर्फिन वेगळें काढण्याची विद्या एकोणिसाव्या शतकाच्या आरंभींची. त्या शतकाच्या मध्यास कातडीखालीं औषध टोंचण्याची सुई निघाली, आणि मॉर्फिन हें डॉक्टरांच्या पिशवींतील रोजचें औषध झालें. अमेरिकेंत आणि युरोपांत त्याची संवय जडलेल्यांमध्यें सुखवस्तु घरांतील स्त्रियांचा भरणा मोठा होता. त्यांना ती संवय बाजारांत लागली नव्हती, दुखण्याखुपण्यासाठीं डॉक्टरांनींच लावली होती. अशा स्त्रियांच्या पोटीं आलेलीं मुलें जन्मानंतर लवकरच तडफडूं लागतात, हें १८७५ पासून वैद्यकीय लिखाणांत नमूद होऊं लागलें. त्या अवस्थेला जन्मजात मॉर्फिनविकार म्हणत. पुष्कळ मुलें त्यांत दगावत. विसाव्या शतकाच्या पहिल्या वर्षांत कांहीं डॉक्टरांनीं अशा मुलाला अफूचाच अत्यल्प अंश देऊन पाहिला, आणि मूल शांत झालें. आईच्या रक्तांतून येणारा पुरवठा नाळ कापतांच तुटला, म्हणून मूल तडफडत होतें, आणि पुरवठा पुन्हां देतांच निवलें. याहून स्वच्छ पुरावा कोणता हवा? इंग्रजी भाषेंतील ‘विथड्रॉवल’, म्हणजे काढून घेणें, हा शब्द तेथें अगदीं चपखल बसला.

अफू आणि तान्हें मूल ही जोडी मुंबईकरांना अपरिचित नाहीं. गिरणींत कामाला जाणाऱ्या आया आपल्या माघारीं मूल झोंपून राहावें म्हणून त्याला अफू घातलेली बाळगोळी देत. मुंबई सरकारनें गिरणीकामगार स्त्रियांच्या बाळंतपणाची पाहणी करण्यास नेमलेल्या डॉ. बार्न्स या स्त्री-डॉक्टरांचा अहवाल १९२२ सालीं प्रसिद्ध झाला. त्यांत अशा स्त्रियांच्या मुलांपैकीं शेंकडा ९८ मुलांना अफू दिली जाते असें नमूद आहे. हें अफू देणें जन्मानंतरचें होतें, गर्भांतलें नव्हे. पण अफू व अर्भक यांचा विषय निघाला कीं सारा दोष आईच्या पदरांत टाकण्याची रीति दोन्हीकडे एकच होती. चाळीच्या खोलींत मूल सांभाळावयास दुसरें कोणीहि नाहीं, ही गोष्ट दोष देणारांच्या हिशेबांत येत नसे.

अफूचीं मुलें डोळ्यांसमोर असूनहि वैद्यकशास्त्राची एक समजूत मात्र फार काळ टिकली. वार ही गर्भाभोंवतींची एक तटबंदी आहे, आईच्या पोटांत गेलेलें औषध सहसा तिच्यापलीकडे जात नाहीं, अशी ती समजूत. १८७४ सालींच जर्मन प्रसूतितज्ज्ञ पॉल त्स्वाइफेल यांनीं, प्रसूतीच्या वेळीं मातेला हुंगविलेलें क्लोरोफॉर्म मुलापर्यंत पोहोंचतें, हें रासायनिक परीक्षेनें दाखवून दिलें होतें. तें छापलें गेलें आणि बहुतेकांनीं बाजूला ठेवलें. तटबंदी कोसळल्याचें सर्वांना पटावयास आणखी सत्त्याऐशीं वर्षें आणि एक भयंकर अनर्थ लागला. त्या अनर्थाची सुरुवात आणि आपल्या लहानशा गोळीचा जन्म हीं दोन्हीं एकाच वर्षीं, एका महिन्याच्या अंतरानें घडलीं, हा योगायोग लक्षांत ठेवण्यासारखा आहे.

सप्टेंबर १९५७ मध्यें स्वित्झर्लंडांतील झुरिच येथें मानसरोगतज्ज्ञांची जागतिक परिषद भरली होती. त्याच देशांतील म्यून्स्टरलिंगेन या तळ्याकांठच्या गांवच्या मनोरुग्णालयांतील डॉक्टर रोलांड कून यांनीं तेथें एक निबंध वाचला. श्रोते जेमतेम डझनभर होते. बाझेलच्या गायगी कंपनीनें त्यांच्याकडे एक नवें रसायन तपासावयास दिलें होतें. भ्रमिष्ट रोग्यांवर तें उपयोगी पडेल अशी अपेक्षा होती, ती फोल ठरली. कून यांनीं मग तें खोल नैराश्यानें ग्रासलेल्या रोग्यांना देऊन पाहिलें. १९५६ च्या आरंभीं अशाच एका रुग्ण स्त्रीवर त्याचा गुण दिसला. थोड्याच दिवसांत ती बोलूं लागली, कामांत लक्ष घालूं लागली. हें रसायन म्हणजे इमिप्रॅमिन. नैराश्यावर मुद्दाम वापरलेल्या औषधांच्या मालिकेंतील तें अगदीं पहिल्यांपैकीं एक होय.

त्यानंतर महिन्याच्या आंत, १ ऑक्टोबर १९५७ रोजीं, पश्चिम जर्मनींत थॅलिडोमाइड हें झोंपेचें औषध ‘काँटरगान’ या नांवानें बाजारांत आलें. तें निर्धोक म्हणून गाजविलें गेलें. गरोदर स्त्रिया ओकारी थांबावी म्हणूनहि तें घेऊं लागल्या. पुढें हातापायांची वाढ खुंटलेलीं मुलें जन्माला येऊं लागलीं. हँबुर्गचे डॉ. लेंत्स व ऑस्ट्रेलियांतील डॉ. मॅकब्राइड यांनीं कारण ओळखलें, नोव्हेंबर १९६१ मध्यें जर्मनींत औषध मागें घेतलें गेलें, तोंपर्यंत निरनिराळ्या देशांत मिळून दहा हजारांवर बालकें व्यंग घेऊन जन्मलीं होतीं. तेव्हांपासून वारेच्या तटबंदीची गोष्ट कोणीं काढली नाहीं. मात्र डॉक्टरांचें सारें लक्ष गर्भाच्या पहिल्या तीन महिन्यांकडे, अवयव घडण्याच्या काळाकडे, लागलें. मूल धड दिसलें कीं औषधानें कांहीं केलें नाहीं असें समजलें जाई. शेवटच्या महिन्यांत घेतलेलें औषध आकार न बिघडवितां मुलाची वागणूक कांहीं दिवस बिघडवूं शकेल, ही कल्पना मागाहून आली.

ती इमिप्रॅमिननें आणली. १९७२ सालीं बेल्जममधील बालरोगतज्ज्ञांनीं आणि पुढल्याच वर्षीं ‘लॅन्सेट’ या इंग्रजी साप्ताहिकांत एका डॉक्टरांनीं, असें औषध घेणाऱ्या स्त्रियांच्या नवजात मुलांच्या हकीकती प्रसिद्ध केल्या. धाप, निळसरपणा, चिडखोरपणा, थरथर हींच तीं लक्षणें. ‘लॅन्सेट’मधील पत्राच्या मथळ्यांतच ‘विथड्रॉवल’ हा शब्द होता. तो सुचण्यास कारणेंहि होतीं. इमिप्रॅमिन एकदम सोडलेल्या प्रौढ रोग्यांना मळमळ, घेरी, निद्रानाश असे त्रास होतात हें १९६० च्या आगेमागेंच कळलें होतें. शिवाय याच काळांत अमेरिकेच्या मोठ्या शहरांत हेरॉइनचा सुळसुळाट झाला होता, आणि तेथील प्रसूतिगृहांत अफूच्या जातीच्या विषांनीं तडफडणारीं मुलें रोज दिसत होतीं. समोर कापणारें मूल आलें कीं जवळचा शब्द तोंडांत येतो, तसा तो आला.

शब्दापाठोपाठ माप आलें. फिलाडेल्फिया येथील डॉ. लोरेटा फिनेगन यांनीं १९७५ सालीं हेरॉइन व मेथॅडोन घेणाऱ्या मातांच्या मुलांसाठीं एक कोष्टक प्रसिद्ध केलें. रडणें, झोंप, थरथर, शिंका, जांभया, घाम, जुलाब अशा वीसएक लक्षणांना गुण द्यावयाचे, दर तीनचार तासांनीं बेरीज करावयाची, आणि आठ किंवा अधिक गुण वारंवार आले तर औषधाचा विचार करावयाचा. शाळेंत गुणांच्या बेरजेनें वरच्या वर्गांत जातात, येथें औषधाच्या बाटलीकडे. कोष्टक उपयुक्त होतें, आणि अफूच्या मुलांना त्यानें जीवदान दिलें यांत शंका नाहीं. परंतु एकदां कोष्टक भिंतीवर टांगलें कीं कापणारें प्रत्येक मूल त्याच पट्टीनें मोजलें जाऊं लागतें.

या कोष्टकांतील अवस्थेस इंग्रजींत ‘अॅब्स्टिनन्स’ म्हणजे वर्ज्यतेची अवस्था म्हणतात. या शब्दाचा थोडा विचार करावा. वर्ज्य करणें ही समजत्या माणसाची, निश्चयाची क्रिया आहे. एकादशीला अन्न वर्ज्य करतात, व्रतस्थ माणूस मद्य वर्ज्य करतो. ज्यानें अद्याप आईचें दूधहि धरलें नाहीं, त्यानें वर्ज्य काय करावें?

१९८७ च्या डिसेंबरांत अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनानें फ्लुओक्सेटीन या औषधास परवानगी दिली, आणि तें ‘प्रोझॅक’ या नांवानें घरोघरीं माहीत झालें. मेंदूंतील पेशी एकमेकींस निरोप देतांना सेरोटोनिन नांवाचें द्रव्य सोडतात व लगेच परत शोषून घेतात. हें परत शोषणें अडवावें, असा या औषधाचा व त्याच्या मागून आलेल्या सर्ट्रालिन, पॅरोक्सेटीन, सिटालोप्रॅम इत्यादि औषधांचा धर्म. जुन्या औषधांच्या मानानें तीं सोसण्यास सोपीं, म्हणून तीं लक्षावधि लोक घेऊं लागले. नैराश्याचा विकार पुरुषांपेक्षां स्त्रियांत सुमारें दुपटीनें आढळतो, आणि तोहि बहुधा मुलेंबाळें होण्याच्या वयांत. प्रश्न आतां मूठभर मुलांचा उरला नाहीं.

१९९३ सालीं फ्लुओक्सेटीन घेणाऱ्या एका मातेच्या मुलाची हकीकत प्रसिद्ध झाली, तिला ‘विषबाधा’ असें नांव दिलें होतें. काढून घेतल्याची बाधा नव्हे, अंगांत असलेल्या औषधाची. १९९६ सालीं कॅलिफोर्नियांतील संशोधिका क्रिस्टिना चेंबर्स व त्यांचे सहकारी यांनीं फ्लुओक्सेटीन घेणाऱ्या २२८ गर्भवती स्त्रियांची पाहणी छापली. त्यांतील ७३ जणींनीं तें शेवटच्या तिमाहींतहि चालू ठेवलें होतें, आणि औषध आधींच थांबविलेल्या स्त्रियांच्या मुलांपेक्षां त्यांच्या मुलांत धाप, थरथर व दूध पितांना निळें पडणें हे त्रास कितीतरी अधिक दिसले. या मंडळींनीं त्याला ‘बाहेरच्या जगाशीं जुळवून घेण्यांतील कमतरता’ असें साधें नांव दिलें. २००१ सालीं पॅरोक्सेटीनच्या चार मुलांची हकीकत आली, तिच्या मथळ्यांत पुन्हां ‘विथड्रॉवल’. आणि २००५ सालीं आजवरच्या साऱ्या पुराव्याची छाननी करणाऱ्या अमेरिकन लेखकांनीं ‘नवजाताच्या वर्तनाचा लक्षणसमूह’ असें चवथें नांव पुढें केलें.

खरें कोणतें? निवाडा घड्याळावर होऊं शकतो. पुरवठा तुटल्यामुळें त्रास होत असेल तर तो औषध रक्तांतून उतरूं लागल्यावर सुरू व्हावा. औषधाच्या आधिक्यानें होत असेल तर तो जन्मापासूनच असावा आणि औषध उतरेल तसा ओसरावा. आतां फ्लुओक्सेटीनपासून शरीरांत बनणारें द्रव्य फार रेंगाळतें. तें निम्म्यावर येण्यासच एक ते दोन आठवडे लागतात. अशा औषधाच्या मुलाला पहिल्याच दिवशीं कांपरें भरलें तर पुरवठा तुटला असें कसें म्हणावें? उलट पॅरोक्सेटीन सुमारें एका दिवसांत निम्मे होतें. प्रौढ माणसांनाहि तें एकदम सोडल्यास फार त्रास होतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या, स्वीडनमधील उप्साला येथें ठेवलेल्या नोंदींतून नवजात मुलांचीं अशीं ९३ संशयित प्रकरणें २००५ सालीं वेंचून काढण्यांत आलीं, त्यांपैकीं ६४ एकट्या पॅरोक्सेटीनचीं होतीं. यावरून त्या औषधापुरता तरी जुना शब्द अगदींच खोटा नाहीं, हें मान्य केलें पाहिजे.

दुसऱ्या पारड्यांतला पुरावा फिनलंडमधून आला. तेथील संशोधकांनीं २००३ सालीं, हीं औषधें घेणाऱ्या वीस व न घेणाऱ्या वीस मातांचीं मुलें तपासलीं. पहिल्या चार दिवसांत औषधाच्या मुलांतील सेरोटोनिनच्या जातीचीं लक्षणें चौपट भरलीं. नाळेच्या रक्तांत, सेरोटोनिन खर्ची पडल्यावर उरणारें द्रव्य या मुलांत कमी होतें, आणि जेथें तें अधिक कमी तेथें लक्षणें अधिक. औषध आपलें काम त्या चिमुकल्या मज्जासंस्थेंत अजून करीतच आहे, असा त्याचा अर्थ. म्हणजे एका मुलांत आधिक्य, दुसऱ्यांत अभाव, आणि पुष्कळांत पहिल्या दिवशीं एक व तिसऱ्या दिवशीं दुसरें. अफूच्या मुलाइतकी ही गोष्ट सरळ नाहीं.

तरीहि अफूची पट्टी सुटली नाहीं. २००६ सालीं इस्रायलमधील डॉक्टरांनीं औषधाचा संबंध आलेल्या ६० पूर्ण दिवसांच्या मुलांना फिनेगन यांचेंच कोष्टक लावलें. १८ मुलांत, म्हणजे शेंकडा ३० मध्यें, लक्षणें आढळलीं व त्यांपैकीं ८ मुलांत तीं तीव्र होतीं. निबंधाचें नांव अर्थात् ‘अॅब्स्टिनन्स’. पाहणी मोलाची आहे. पण डॉक्टरांनीं लिहून दिलेली गोळी नियमानें घेणाऱ्या शिक्षिकेच्या किंवा कारकून स्त्रीच्या मुलाच्या कागदावर, हेरॉइन घेणाऱ्या स्त्रीच्या मुलाच्या कागदावरचाच शब्द उमटूं लागला, हा तिचा दुसरा परिणाम. जी आधींच स्वतःला अपराधी समजण्याच्या रोगानें पीडलेली, तिनें तो शब्द वाचून काय समजावें?

आणि नांवामागून उपाय येतोच. मुलाला पुरवठा तुटल्याचा त्रास होणार असेल, तर तो आधींच हळूहळू तोडावा, हें तर्काला धरूनच आहे. २००४ सालीं अमेरिकेच्या औषध-प्रशासनाच्या सूचनेवरून या औषधांच्या माहितीपत्रकांत नवजात मुलांच्या त्रासाचा इशारा घालण्यांत आला, आणि त्याबरोबर, डॉक्टरांनीं शेवटच्या तिमाहींत औषध कमी करीत नेण्याचा विचार करावा, असेंहि सुचविण्यांत आलें. म्हणजे बाळंतपण जवळ येतें, झोंप मोडते, मन सर्वांत हळवें होतें, नेमक्या त्या आठवड्यांत आधार काढून घ्यावयाचा!

दोनच वर्षांनीं, २००६ सालीं, ली कोहेन व त्यांच्या सहकाऱ्यांचा निबंध अमेरिकन वैद्यक संघाच्या नियतकालिकांत आला. नैराश्याच्या वारंवार उलटणाऱ्या विकाराच्या व गर्भधारणेच्या सुमारास औषधानें बऱ्या असलेल्या २०१ स्त्रिया त्यांनीं प्रसूतीपर्यंत पाहिल्या. औषध चालू ठेवणाऱ्यांपैकीं शेंकडा २६ जणींचा आजार उलटला. सोडणाऱ्यांपैकीं शेंकडा ६८ जणींचा. या स्त्रिया जुन्या व कठीण आजाराच्या होत्या, हें विसरून सौम्य दुखण्याच्या प्रत्येक स्त्रीला हा आंकडा लावणें बरोबर होणार नाहीं. परंतु ज्यांना औषधाची खरी गरज होती, त्यांच्या दृष्टीनें ‘मुलाच्या भल्यासाठीं गोळी सोडा’ या सल्ल्याची किंमत प्रथमच आंकड्यांत मांडली गेली. आईचा आजार उलटला तर मुलाचें भलें होतें असें नाहीं. न जेवणारी, न झोंपणारी, क्वचित् जिवावर उदार झालेली आई हीहि गर्भाची परिस्थितिच आहे.

त्याच वर्षीं आणखी एक भीति उभी राहिली. फुप्फुसांतील रक्तदाब जन्मानंतर उतरत नाहीं अशी एक दुर्मिळ पण गंभीर व्याधि या औषधांनीं सहापट वाढते, असा निष्कर्ष आला. २०१५ सालीं अमेरिकेंतील सुमारें अडतीस लक्ष गर्भारपणांच्या नोंदी तपासल्या तेव्हां वाढ, असलीच तर, फार थोडी ठरली. मधल्या नऊ वर्षांत किती जणींनीं घाबरून गोळ्या टाकल्या असतील, याची मोजदाद कोणत्याहि नोंदवहींत नाहीं.

शेवटच्या आठवड्यांत औषध तोडल्यानें मुलाचा त्रास खरोखर टळतो काय, हा मूळ मुद्दा कॅनडांतील ब्रिटिश कोलंबिया प्रांतांत तपासला गेला. तेथें प्रत्येक प्रसूतीची व औषधाच्या प्रत्येक पुडीची सरकारी नोंद असते. एक लक्ष एकोणीस हजारांवर जन्मांच्या नोंदींतून, प्रसूतीपूर्वींच्या चौदा दिवसांत औषध चालू असलेल्या आणि त्यापूर्वींच तें थांबविलेल्या अशा माता निवडून त्यांच्या मुलांची तुलना करण्यांत आली. २०१० सालीं निष्कर्ष प्रसिद्ध झाला : आईच्या आजाराची तीव्रता हिशेबांत धरल्यावर दोहोंत फरक उरला नाहीं. ज्या सल्ल्यासाठीं आयांना शेवटच्या पंधरवड्यांत गोळी सोडावयास सांगितलें जात होतें, त्या सल्ल्याचा फायदा मुलाच्या पदरांत पडलेला दिसला नाहीं.

यानंतर प्रसूतिगृहांतील व्यवहार हळूहळू निवळत गेला. अफूच्या मुलाला गरज पडल्यास मॉर्फिनचे थेंब देतात, तसे या मुलाला नैराश्याच्या औषधाचे थेंब देत नाहींत; बहुतेकांना कोणतेंच औषध लागत नाहीं. खोलींतील उजेड मंद ठेवतात, आवाज कमी करतात, मूल मऊ कापडांत गुंडाळून आईच्या उघड्या छातीशीं ठेवतात, थोडें थोडें व वरचेवर पाजतात. सर्ट्रालिन व पॅरोक्सेटीन हीं दुधांत फारच अल्प उतरतात, म्हणून पाजणें बंद करावयास सांगत नाहींत. दोन दिवस, कोठें तीन दिवस, श्वास मोजतात, वजन पाहतात, धाप वाढली तर अतिदक्षता विभागांत नेतात. बाकीचीं मुलें आईबरोबर घरीं जातात. फिनेगन यांचें कोष्टक कित्येक प्रसूतिगृहांत अजून भिंतीवर आहे, आणि कागदावर कोठें जुनें नांव लिहितात, कोठें नवें.